खाल्ल्या मिठाची गोष्ट

पुण्याचा मामेभाऊ परवा फोनवर तणतणत होता. "अनुदान सरकारचं घ्यायचं आणि वर सरकारलाच शिव्या? खाल्ल्या मिठाला तरी जागा!" रोख मराठी सिनेमावाल्यांवर. मला इथे फ्रान्समध्ये, लिआँत बसून हसू आलं. हेच मी फ्रेंचमध्ये ऐकलंय.

मे २०२३. फ्रेंच दिग्दर्शिका जुस्तिन त्रिएला कान महोत्सवात 'अनातोमी द्यून शूत' या चित्रपटासाठी पाम द'ओर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, मिळाला. जेन कॅम्पियन आणि ज्युलिया द्युकुर्नो यांच्यानंतर हा मान मिळवणारी ती तिसरीच बाई. मंचावरून तिनं पेन्शन-सुधारणांविरोधी आंदोलन चिरडल्याबद्दल सरकारला सुनावलं, संस्कृतीचा बाजार मांडलाय असंही म्हणाली. सांस्कृतिक मंत्री रिमा अब्दुल मलाक संतापल्या. फ्रान्सच्या अर्थसाहाय्याच्या व्यवस्थेशिवाय हा चित्रपट झालाच नसता, असं त्यांचं म्हणणं.

तसं त्रिएचं राजकारणाशी नातं जुनं. चित्रकला शिकलेल्या या बाईनं पहिल्या कथापटाचं काही चित्रीकरण ६ मे २०१२ रोजी, अध्यक्षीय निवडणुकीच्या निकालादिवशी, समाजवादी पक्षाच्या कचेरीबाहेरच्या खऱ्याखुऱ्या गर्दीत घुसून केलं होतं.

पण मीठ नक्की कुणाचं? सीएनसी म्हटलं की आपल्याला भोसरीतली मशीन आठवते. इथे ते १९४६ साली स्थापन झालेलं राष्ट्रीय सिनेमा केंद्र. प्रत्येक तिकिटातले १०.७२ टक्के तिथे जातात, तिकीट हॉलिवुडच्या सुपरहिरोचं का असेना. वाहिन्यांवरही असाच कर. त्यातून नवे चित्रपट उभे राहतात. म्हणजे मीठ बरंचसं प्रेक्षकांचं, मंत्र्यांच्या घरचं नव्हे. आपल्याकडे तयार चित्रपट समितीपुढे जातो, दर्जा ठरतो, मग तिजोरीतून अनुदान. तीही तिजोरी लोकांचीच, पण वाट अशी की घेणाऱ्याला उपकार वाटावा आणि देणाऱ्याला दातृत्व.

इथे सगळं आलबेल आहे असं मात्र नाही. ऑस्करला फ्रान्सनं त्रिएचा चित्रपट डावलून दुसराच, स्वयंपाकावरचा, पाठवला. भाषणाचा राग, असं इथे बरेच जण आजही म्हणतात. तिनं २०२४ मध्ये जोडीदार आर्थर हरारीसोबत मूळ पटकथेचं ऑस्कर मिळवलंच.

त्याच वर्षी कानमध्ये ग्राँ प्री, म्हणजे दुसऱ्या क्रमांकाचा पुरस्कार, मिळवणाऱ्या पायल कपाडियाच्या मुंबईवरच्या चित्रपटात फ्रेंच निर्माते होते. भारतानं ऑस्करला दुसराच चित्रपट पाठवला. हे भावाला सांगितलं.

"पायल म्हणजे एफटीआयआयच्या, आपल्या पुण्यातल्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या, सरकारविरुद्धच्या संपातली ना?" तो म्हणाला. "मग बरोबरच आहे."