म्हणे, ‘हरलात की दुप्पट लावा’!

गोव्याला निघालेल्या आमच्या भाच्याने फॅमिली ग्रुपवर एक फॉरवर्ड टाकलाय. रुलेटमध्ये (फिरत्या चाकावर गोळी कुठल्या घरात थांबेल यावर पैसे लावायचा खेळ) लालवर ५०० लावा, हरलात तर १,०००, मग २,०००; कधीतरी लाल येणारच, गेलेलं वसूल होऊन वर ५०० सुटतील. ‘कॅसिनोवाले ही युक्ती लपवतात.’ त्यावर तीन काकांचे अंगठेसुद्धा! म्हणून हा खटाटोप.

‘लाल-काळा म्हणजे निम्मी-निम्मी संधी.’ साफ चूक. युरोपीय चाकावर १८ लाल, १८ काळे आणि एक हिरवं शून्य, अशी ३७ घरं असतात. त्या एका घरावर कॅसिनोचा संसार चालतो: लावलेल्या दर शंभरामागे सरासरी २.७० रुपये. अमेरिकी चाकावर शून्यं दोन, तिथे ५.२६.

आता ती दुप्पट. टेबलाला कमाल मर्यादा असते, हे फॉरवर्डमध्ये सोयीस्करपणे गाळलंय. समजा ती एक लाख आहे. आठवा डाव ६४,००० चा होतो; नववा १,२८,००० चा लावताच येत नाही. तोवर खिशातून १,२७,५०० गेलेले असतात. सलग आठ वेळा हरण्याची शक्यता साधारण २०७ मध्ये एक. म्हणजे सरासरीने २०६ वेळा पाचशे-पाचशे करत १,०३,००० जमवायचे आणि एका फटक्यात १,२७,५०० घालवायचे. तो फटका शेवटीच बसेल असंही नाही, पहिल्याच रात्री बसू शकतो. आणि मर्यादा नसलीच, तरी नवव्या डावाला सव्वा लाख कोण देणार? काका?

‘पाचदा काळा आला की लाल येतोच.’ १८ ऑगस्ट १९१३ ला माँटे कार्लोच्या कॅसिनोत सलग २६ वेळा काळा आला. लोक लालवर रकमा वाढवत राहिले आणि धुऊन निघाले. सत्ताविसाव्या फेरीलाही लालची शक्यता ३७ पैकी १८ च होती. मागचे आकडे दाखवणारा बोर्ड कॅसिनो स्वतःच टेबलापाशी लावतात, तो काय उगाच?

‘नफा झाला की उठा.’ उठा की, कोण अडवतंय! त्याने पुढच्या डावाचं गणित बदलत नाही.

एवढं मात्र मान्य करावं लागेल की ब्लॅकजॅक या पत्त्यांच्या खेळात निघून गेलेले पत्ते लक्षात ठेवून पारडं थोडं आपल्याकडे झुकवता येतं. एडवर्ड थॉर्प या गणितज्ञाने ते १९६० च्या दशकात दाखवून दिलं. अशा खेळाडूंना कॅसिनोवाले खरोखरच टेबलावरून उठवतात. लालवर दुप्पट लावणाऱ्याला कोणी उठवल्याचं निदान माझ्या तरी ऐकिवात नाही.