चौदावा लुई आयुष्यात दोनदाच न्हाला, हे खरं नाही

“फ्रान्सचा चौदावा लुई आयुष्यात फक्त दोनदा न्हाला. इंग्लंडची पहिली एलिझाबेथ महिन्यातून एकदाच आंघोळ करायची. चर्च आंघोळीला पाप मानायचं. अंगाची दुर्गंधी लपवायलाच युरोपने अत्तरं काढली. व्हर्सायच्या राजवाड्यात एकही शौचालय नव्हतं.” आमच्या नात्यातल्या ग्रुपवर हा मजकूर अभ्यंगस्नानाच्या शुभेच्छांना जोडून येतो आणि खाली अभिमानाचे अंगठे उमटतात. रोजच्या आंघोळीचा अभिमान मलाही आहे. पण त्यासाठी दुसऱ्यांचा हजार वर्षांचा इतिहास खोटा सांगायची गरज नाही.

आधी लुईच. तो शिवाजी महाराजांचा समकालीन, जन्म १६३८, मृत्यू १७१५. त्याच्या प्रकृतीची एक वही राजवैद्यांनी १६४७ ते १७११ या काळात ठेवली. वालो, दाकँ आणि फागाँ या तिघांनी एकामागून एक ती लिहिली. कधी ताप आला, कधी रक्त काढलं, कोणता जुलाब दिला, असं सगळं तिच्यात आहे. त्यात उपचार म्हणून दिलेल्या मोजक्या आंघोळींचेही उल्लेख आहेत. त्यातल्याच एक-दोन उचलून “आयुष्यभरात दोनदा” हा हिशेब मांडला गेला. वैद्याच्या वहीत औषधाची आंघोळ लिहिली जाते, रोज हात-तोंड धुतल्याची नोंद तिथे कशाला येईल?

शिवाय १६७०च्या दशकात, म्हणजे रायगडावर राज्याभिषेक झाला त्याच सुमारास, याच राजाने व्हर्सायला तळमजल्यावर संगमरवरी हमामखाना बांधून घेतला. त्यातलं अष्टकोनी भलंमोठं दगडी स्नानपात्र आजही तिथल्या ऑरांजरीत, म्हणजे संत्र्याची झाडं ठेवायच्या दालनात, पाहायला मिळतं. दहाएक वर्षांत त्या दालनांचं रूपांतर राहत्या खोल्यांत झालं, हेही खरं. लुई रोज टबात बसणारा माणूस नव्हता आणि फागाँने तर राजाला आंघोळीची सवय लावून घेणं कधी रुचलं नाही, असं लिहून ठेवलंय.

मग तो स्वच्छ राहायचा कसा? सकाळी उठण्याच्या दरबारी सोहळ्यात त्याच्या हातांवर मद्यार्क ओतला जाई, दिवसाआड दाढी होई आणि अंगातला लिननचा सदरा बदलला जाई. शिकारीहून घामाघूम होऊन आला की पुन्हा कोरडा सदरा. त्या काळच्या वैद्यांची पक्की समजूत होती की गरम पाण्याने त्वचेची छिद्रं उघडतात आणि प्लेगची दूषित हवा आत शिरते. म्हणून अंगावरचा घाम आणि मळ कापडाने शोषून घ्यायचा आणि कापड धुवायचं. चित्रांतल्या सरदारांच्या गळ्याशी आणि मनगटाशी दिसणारी पांढरीशुभ्र झालर हा आपल्या स्वच्छतेचा दाखला आहे, असं ती माणसं मानत. वैद्यक चुकीचं होतं, पण घाणीची आवड होती असं त्यातून निघत नाही.

ही समजूतही कायमची नव्हती. तिच्या आधीची काही शतकं पाहा. १२९२ सालच्या पॅरिसच्या करपट्टीत २६ स्नानगृहं नोंदली आहेत. तेराव्या शतकातल्या त्यांच्या धंद्याच्या नियमांत वाफेच्या स्नानाला दोन दनिए (त्या काळचं फ्रेंच नाणं) आणि टबातल्या आंघोळीसह चार दनिए असा दर ठरलेला आहे. “पाणी तापलं हो” अशी दवंडी द्यायला माणूस असे. त्याने उजाडण्याआधी ओरडायचं नाही, कारण ती ऐकून अंधारात निघणाऱ्या गिऱ्हाइकांच्या जिवाला धोका, असंही त्या नियमांत आहे. पहाटे आंघोळीला धावणाऱ्यांना आवरावं लागणारं हे शहर!

इंग्लंडच्या जॉन राजाच्या १२०९-१० च्या खर्चाच्या हिशेबात विल्यम नावाच्या पाणक्याला राजाच्या आंघोळींबद्दल दिलेले पैसे आहेत आणि दीडएक वर्षात त्या आंघोळी वीसहून जास्त भरतात. तिसऱ्या एडवर्डने १३५१ साली वेस्टमिन्स्टरच्या न्हाणीघरात गरम आणि गार पाण्याचे पितळी नळ बसवले. राजवाड्यात तोट्या सोडून आंघोळ करणारा हा राजा लुईच्या तीनशे वर्षं आधीचा आहे.

एलिझाबेथचं “महिन्यातून एकदा” हे वाक्य तिच्या काळातल्या कुठल्याही कागदात सापडलेलं नाही. उलट १५९८ मध्ये विंडसरचा राजवाडा पाहणाऱ्या हेंट्झनर या जर्मन प्रवाशाने तिथल्या दोन स्नानगृहांचं वर्णन केलंय, ज्यांच्या भिंती आणि छत आरशांनी मढवले होते. तिचा धर्मपुत्र (गॉडसन) जॉन हॅरिंग्टन याने तर १५९६ मध्ये पाण्याने साफ होणाऱ्या शौचकुपाची रचना छापून प्रसिद्ध केली.

चर्चचा राग स्त्री-पुरुषांनी एकत्र नाहण्यावर आणि स्नानगृहांत चालणाऱ्या वेश्याव्यवसायावर होता. संत बेनेडिक्टच्या मठनियमांत आजाऱ्याला लागेल तेव्हा आंघोळ द्या, धडधाकट आणि तरुणांना जरा कमी, असं सांगितलंय. ते व्रतस्थांसाठी होतं. आणि इंग्लंडमध्ये सरदारकी देण्यापूर्वी विधिपूर्वक स्नान घालत. १३९९ मध्ये चौथ्या हेन्रीच्या राज्याभिषेकाआधी असं स्नान घालून ४६ जणांना सरदारकी मिळाली. पाप असतं तर ते धर्मविधीत कसं आलं असतं?

अत्तराचं उत्तर थोडक्यात. इजिप्त आणि अरबस्तानात अत्तरं केव्हापासूनच होती आणि उतारवयातल्या लुईला त्यांचा इतका तिटकारा होता की संत्र्याच्या फुलाखेरीज कुठला सुगंध तो जवळ येऊ देत नसे.

शौचालयाच्या मुद्द्यात मात्र तथ्याचा अंश आहे. व्हर्साय येणाऱ्याजाणाऱ्यांनी भरलेलं असे, गर्दीच्या मानाने सोयी अपुऱ्या होत्या आणि दुर्गंधीच्या तक्रारी खऱ्या आहेत. पण “एकही नव्हतं” हे साफ खोटं. आत भांडं बसवलेल्या शौचखुर्च्या लुईच्या काळात तिथे दोनशेहून अधिक होत्या आणि त्या रिकाम्या करायला नोकर होते. त्याचा पणतू पंधरावा लुई गादीवर आल्यावर पाण्याने धुतली जाणारी इंग्रजी पद्धतीची शौचालयं आली. या पंधराव्या लुईच्या न्हाणीघरात दोन टब असत, एक साबण लावायला आणि दुसरा अंगावरून स्वच्छ पाणी घ्यायला.