कर्तव्य कुणाच्या वाट्याचं?

मुलं परदेशी गेली, आईबाप मागे एकटे राहिले. कर्तव्य मोठं की स्वतःचं आयुष्य? पुण्या-मुंबईत हा वाद थांबत नाही. मी जपानमधल्या ओसाकात राहतो, म्हणजे तो माझ्याबद्दलच आहे. आपण मुलाला जाब विचारतो. पण तो गेल्यावर त्याचं कर्तव्य घरात कुणी उचललं, हे कुणी विचारत नाही.

जपानी दिग्दर्शक केंजी मिझोगुचीने १९३६ मध्ये हाच प्रश्न 'नानिवा एरेजी' (ओसाकाचं शोकगीत) या चित्रपटात विचारला. चित्रपट ओसाकातच घडतो. आयाको औषध कंपनीत टेलिफोन ऑपरेटर. बापाने आपल्या कंपनीचे ३०० येन खाल्लेत, भरले नाहीत तर तुरुंग. तिचं ज्याच्यावर मन आहे, त्याच्याकडेही पैसे नाहीत. मग ती मालकाची रखेल होते आणि बापाला सोडवते. पुढे भावाच्या शिक्षणासाठीही पैसे तीच मिळवते, त्या भानगडीत पोलिसांच्या हाती सापडते. सुटून घरी येते, तेव्हा सगळे जेवायला बसलेले असतात. भावाला तिची लाज वाटते. ज्याला सगळं ठाऊक आहे तो बाप गप्प! आयाको झालेली इसुझु यामादा तेव्हा अवघी १९ वर्षांची होती. त्या जेवणाच्या प्रसंगातला तिचा चेहरा मला अजून सोडत नाही.

१८९८ च्या जपानी नागरी कायद्याने घरावर सत्ता कर्त्याची आणि वारसा थोरल्या मुलाचा ठरवला होता. तो १९४७ साली बदलला. म्हणजे आयाकोच्या काळी मुलीला कर्तव्य होतं, हक्क नव्हता. मिझोगुचीला हे घरातूनच माहीत होतं: त्याची थोरली बहीण लहानपणी दुसऱ्या घरी दिली गेली, गेइशा (मैफलीत करमणूक करणारी कलावंतीण) झाली, आणि पुढे तिनेच त्याला आधार दिला.

१९३६ चाच, दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा 'हितोरी मुसुको' (एकुलता एक मुलगा) हा चित्रपट आम्हा परदेशस्थांना जास्त जवळचा वाटतो. रेशमाच्या गिरणीत राबून मुलाला शिकवणारी आई आणि तोक्योत जेमतेम मास्तरकी करणारा मुलगा. पण तिथे कर्तव्याचा हिशेब आई आणि मुलगा या दोघांतच आहे. आपल्या घरांत तिसरीही असते. वडिलांना डायलिसिसला नेणारी, रात्री दवाखान्यात बसणारी बहीण किंवा वहिनी.

महाराष्ट्राने १९९४ सालीच मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत बरोबरीचा हक्क दिला. तरीही घर विकायची वेळ आली की बहिणीपुढे हक्कसोडपत्र सरकवलं जातं, आणि परदेशातला भाऊ व्हिडिओ कॉलवर हजर असतो. अशा वेळी 'तिची सही नको' हे त्या भावानेच म्हणायला हवं.