रेतीत पकडलेली गाडी आणि ‘दंड भरू नका’चा मेसेज

ठाणे जिल्ह्यात काल्हेर-कशेळीपासून मुंब्रा-दिव्यापर्यंतच्या डंपरमालकांत सध्या एक मेसेज फिरतोय. कोर्टाने दिलासा दिलाय, विनापरवाना रेती वाहताना पकडलेली गाडी 48 तासांत सोडावीच लागते. दंड भरू नका, भरला की गुन्हा कबूल. मालकाला माहीत नसेल तर गाडीला हात लावता येत नाही. सुपूर्दनाम्यावर, म्हणजे कोर्टाला हमी लिहून देऊन, गाडी सुटली की केस संपली. आणि शेवटी : खाडीतली रेती कुणाच्याच मालकीची नाही, मग चोरी कसली? हप्त्यावर गाडी घेतलेला माणूस यावर विसंबून बसला तर बुडतो, म्हणून हे लिहितोय.

48 तासांचा आकडा महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 च्या कलम 48(8) मध्ये आहे, पण तो गाडी सोडण्याचा नाही. जप्त वाहन तेवढ्या वेळात जिल्हाधिकाऱ्यांपुढे, किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या निदान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचं असतं. सोडायचं की नाही ते तिथे ठरतं. मुदत पाळली नाही, अधिकार नसलेल्याने आदेश काढला, म्हणणं न ऐकताच दंड लावला, तर हायकोर्टात दाद मागता येते. दिलासा म्हणतात तो बहुतेक वेळा असा असतो. गाडीमालक निर्दोष ठरला, असा त्याचा अर्थ होत नाही.

ही दाद उभी राहते पंचनाम्यावर. रात्री रस्त्याच्या कडेला, मोबाईलच्या उजेडात तो लिहिला जातो. ‘अंदाजे 3 ब्रास’ (एक ब्रास म्हणजे 100 घनफूट) असं त्यात येतं. वेळेची जागा कोरी राहते आणि घाबरलेला ड्रायव्हर खाली सही ठोकतो. पुढे कलम 48(7) प्रमाणे बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड लागतो, तो याच अंदाजावर. दोन ब्रासचे तीन लिहिले गेले की दंड दीडपट होतो. आणि जप्तीची वेळच लिहिली नसेल तर 48 तास मोजणार कुठून? म्हणून ड्रायव्हरला आधीच शिकवून ठेवा : वेळ लिहून घ्यायची, माल मोजला नसेल तर ‘मोजमाप केले नाही’ असं लिहायला सांगायचं, पंचनाम्याचा आणि गाडीतल्या मालाचा फोटो तिथल्या तिथे मालकाला पाठवायचा.

आता दंड. रक्कम एक नसते, दोन असतात : रेतीचा दंड वेगळा, गाडी सोडवण्याचा वेगळा. 2018 मध्ये गौण खनिज (रेती, मुरूम वगैरे) नियमांत गाडीचे दर ठरले, त्यात ट्रॅक्टर-ट्रॉलीला 1 लाख आणि डंपरला 2 लाख होते. पैशासोबत मालकाला बंधपत्रही द्यावं लागतं की ही गाडी पुन्हा या कामाला लागणार नाही. ‘हरकत राखून भरतो’ असं लेखी देऊन भरा आणि त्याच महसूल संहितेच्या कलम 247 खाली अपील करा. महसुली दंड भरला म्हणून फौजदारी कोर्टात चोरी सिद्ध होत नाही, ती सरकारी पक्षाला वेगळी सिद्ध करावी लागते. उलट बाजूही ऐका : दंड भरला म्हणून चोरीचा गुन्हा मिटत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये बेकायदा उत्खननाच्या जयंत खटल्यात स्पष्ट केलंय. ‘भरू नका’ हा सल्ला मात्र सरळ नुकसानीचा आहे. जप्त करून आवारात उभ्या ठेवलेल्या डंपरची बॅटरी उतरते, टायर बसतात, पावसात ट्रॉली गंजते, आणि फायनान्सचा हप्ता एक दिवसही थांबत नाही.

मालकाला माहीत नव्हतं, हा खटल्यातला बचाव होऊ शकतो. जप्ती मात्र गाडी कशाला वापरली यावर होते. तिथे उपयोगी पडतो तो गाडी नंबर, तारीख आणि वेळ जुळणारा वाहतूक पास.

सुपूर्दनामा गाडी पोलिसांनी गुन्ह्यात जप्त केली असेल तेव्हाचा. सर्वोच्च न्यायालयाच्या 2002 च्या सुंदरभाई अंबालाल देसाई निकालाने सांगितलं की वाहनं ठाण्यात सडत ठेवू नका, पंचनामा करून, फोटो काढून, हमी घेऊन सोडा. आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची 497 आणि 503 ही कलमं लागू आहेत. पण हा फक्त ताबा असतो. कोर्ट बोलावेल तेव्हा गाडी आणायची, परवानगीशिवाय विकायची नाही, अशा अटी असतात. केंद्राच्या खाण व खनिज कायद्याचं कलम 21 लागलं असेल तर कोर्ट गाडी कायमची सरकारजमाही करू शकतं.

राहिली खाडीची मालकी. नदीपात्रासारखा खाडीचा तळही सरकारचाच. नदीपात्रातली सरकारी रेती विनापरवाना उचलणं ही चोरी ठरू शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्येच सांगितलंय. रेती खेचणारा सक्शन पंप खाडीचा तळ उपसतो तेव्हा काठ खचतो, आणि मुंब्रा-दिवा पट्ट्यात त्या काठालगत रेल्वेचे रूळ आहेत. डुबी मारून हाताने रेती काढणाऱ्यांचा धंदाही याच पंपाने खाल्ला. गाडी सोडवायला मी कुणालाही मदत करीन, पण मेसेजमधल्या या ओळीच्या बाजूने उभा राहणार नाही. पकडला जातो ड्रायव्हर, अडकतो एका डंपरचा मालक, आणि पंपवाल्याचं नाव पंचनाम्यात येतच नाही. रेती कुठल्या बंदरावर (खाडीकाठच्या उतरवण्याच्या जागेवर), कुणी भरून दिली, हे ड्रायव्हरला माहीत असतं. ते जबाबात आलं तरच चौकशी गाडीच्या पलीकडे जाईल.