सम्राटाचं मत आणि माझे पाय

युरोपातल्या मोठ्या शहरांत फुकट पायी सहली निघतात. ठरलेल्या चौकात रंगीत छत्री घेऊन कुणीतरी तरुण गाइड उभा असतो. येईल त्याला दोन-अडीच तास गावभर हिंडवतो आणि शेवटी ‘आवडलं असेल तर द्या काय द्यायचं ते’ म्हणून हसतो. त्या हसण्याचा दर कुठेच लिहिलेला नसतो. त्यामुळे पहिल्या इमारतीपासून शेवटच्या इमारतीपर्यंत डोक्यात एकच हिशोब चालू राहतो. पाच द्यावेत की दहा? माणशी की कुटुंबाचे मिळून? आणि समोरच्या अमेरिकन जोडप्याने आधी किती काढले ते दिसेल का?

व्हिएन्नातली आमची सहल ‘वास्तुकला विशेष’ होती. ती बायकोने फोनवर शोधून काढली, कारण ती फुकट होती. तिच्या मोठ्या भावाने, म्हणजे दादांनी, ती लगेच मंजूर केली, कारण ते सिव्हिल इंजिनियर म्हणून निवृत्त झालेत आणि दुसऱ्याने बांधलेल्या इमारतीत खोट काढायची संधी ते सहसा सोडत नाहीत. मला कोणी विचारलं नाही. पाण्याच्या बाटल्यांची पिशवी तेवढी माझ्या खांद्याला अडकवली.

पायी सहल सुरू झाली की शरीराची फाळणी होते. मानेच्या वरचा प्रांत गाइडच्या ताब्यात जातो. ती म्हणते वर बघा, सगळे वर बघतात. छज्जाखालची बाई बघा, बाईच्या हातातली वीणा बघा, वीणेशेजारचं गुबगुबीत पोर बघा. कमरेखालचा प्रांत मात्र स्वतंत्र असतो आणि त्याच्या मागण्या अगदी साध्या असतात. त्यातली एक मागणी व्हिएन्नात फार लवकर पुढे येते. या शहरात १८७३ पासून आल्प्सच्या डोंगरातल्या झऱ्यांचं पाणी नळाने येतं, ते थंडगार आणि गोड असतं आणि फुकट असतं. आमची गाइड दर नळापाशी थांबून अभिमानाने बाटल्या भरायला लावायची. स्वच्छतागृहाला मात्र पन्नास सेंट पडतात. ‘अहो, जवळजवळ पन्नास रुपये!’ बायको म्हणाली आणि तिने बाटली माझ्या हातातून काढून घेतली.

सुरुवात ऑपेराच्या इमारतीपाशी झाली. मला ती भव्य वाटली. दगडी कमानी, वर ब्राँझचे घोडे, काही कमी नाही. पण गाइडने गोष्ट सांगितली ती अशी की घोड्यांवरचं लक्ष उडालं. एडुआर्ड व्हान डेर न्युल आणि ऑगस्ट सिकार्ड फॉन सिकार्ड्सबुर्ग या दोन मित्रांनी मिळून ही इमारत रचली. १८६३ ला पायाभरणी झाली, आणि काम चालू असतानाच समोरच्या रस्त्याची पातळी मीटरभर वर गेली. झालं. लोक इमारतीला ‘जमिनीत रुतलेली पेटी’ म्हणायला लागले. ऑस्ट्रियाचा सम्राट फ्रान्झ योझेफही नाराजीचं काहीतरी बोलला म्हणतात. १८६८ च्या एप्रिलमध्ये न्युलने गळफास घेतला आणि दोन-अडीच महिन्यांत त्याचा मित्रही गेला. १८६९ ला पडदा उघडला तेव्हा दोघेही नव्हते.

गटातले सगळे गप्प झाले. दादा मात्र पेटले.

‘इमारतीचं जोतं, प्लिंथ, ठरल्यावर रस्ता उचलणारा कोण? त्याचं नाव विचारा तिला.’

मी विचारलं. गाइडला ते नाव माहीत नव्हतं.

‘बघितलंत जावईबापू? रस्तेवाला इतिहासातसुद्धा सापडत नाही.’

माझं लक्ष गोष्टीच्या शेपटाकडे होतं. सम्राटाने या प्रकाराची इतकी धास्ती घेतली की पुढे त्याला कुणी काहीही दाखवलं, पूल दाखवला, चित्र दाखवलं, नाटक दाखवलं, तरी तो एकच वाक्य बोलायचा: ‘फार छान होतं, मला खूप आनंद झाला.’ हा गृहस्थ १८४८ ला गादीवर बसला आणि १९१६ ला मरेपर्यंत तिथेच होता. अडुसष्ट वर्षं! इतकी वर्षं टिकण्याचं रहस्य मला तिथे उभ्या उभ्या कळलं आणि मी ते ताबडतोब अमलात आणलं. बायकोने विचारलं, ‘हे बूट घ्या म्हटलं होतं ना मी? बरे आहेत ना?’ डाव्या टाचेला फोड आला होता. मी म्हणालो, ‘फार छान आहेत, मला खूप आनंद झाला.’ तिने माझ्या कपाळाला हात लावून पाहिला.

मग रिंगस्ट्रासे. पाच किलोमीटरहून थोडा लांब असा हा रस्ता जुन्या शहराला जवळजवळ वेढा घालतो. पूर्वी त्या जागी तट होता. मूळच्या तटाला इंग्लंडच्या रिचर्ड राजाला कैद करून उकळलेल्या खंडणीचा पैसा लागला होता, आणि पुढे १५२९ ला नि १६८३ ला तुर्कांचे वेढे इथल्या तटांपाशीच थकले. २० डिसेंबर १८५७ ला सम्राटाने फर्मान काढलं की तट पाडा. तटाबाहेरची मोकळी जमीन प्लॉट पाडून श्रीमंतांना विकली आणि त्या पैशातून सार्वजनिक इमारती बांधल्या. हे ऐकताना दादांचा चेहरा पहिल्यांदा उजळला. खांब, कमानी, देवदूत यांनी त्यांना काही केलं नव्हतं. प्लॉटविक्रीने ते हलले. ‘म्हणजे सरकारच्या खिशाला झळ नाही! रेट काय लागला होता स्क्वेअर फुटाला?’ गाइड बिचारी वास्तुकलेची विद्यार्थिनी. तिने छत्री या हातातून त्या हातात घेतली.

आता ज्ञान दाखवायची माझी पाळी होती. साधारण त्याच सुमाराला, १८६० च्या दशकात, बार्टल फ्रिअर गव्हर्नर असताना मुंबईच्या फोर्टचेही तट पाडले आणि मग ओव्हलच्या काठाने हायकोर्ट, विद्यापीठ, राजाबाई टॉवर अशी रांग उभी राहिली, हे मी तिला सांगितलं. तिला ते खरोखर आवडलं. अमेरिकन जोडपंही माझ्याकडे वळलं. ‘तुम्ही मुंबईचे?’ मी मान डोलवायच्या आत दादा मराठीत म्हणाले, ‘डोंबिवली.’

त्या क्षणापर्यंत माझी अशी समजूत होती की युरोपातलं शहर म्हणजे सगळं जुनं, आणि जितके खांब जास्त तितकं वय जास्त. संसद भवनासमोर आल्यावर ग्रीक खांबांची ती रांग पाहून मी मनातल्या मनात दोन हजार वर्षं धरली. गाइड म्हणाली, १८८३. शेजारी नगरभवन, राथहाउस. टोकदार कमानी, सुळके, मधला उंच मनोरा. मी शहाणा होऊन पाचशे वर्षंच धरली. तेही १८८३. पलीकडचं विद्यापीठ इटलीतल्या राजवाड्यासारखं, ते १८८४. म्हणजे हे सगळं शाळेच्या स्नेहसंमेलनातलं फॅन्सी ड्रेस निघालं. एकाच वर्गातली मुलं, एकाला ग्रीक केलंय, एकाला मध्ययुगीन सरदार, एकाला इटालियन पंडित, आणि कोणी कोण व्हायचं ते घरच्यांनी ठरवलंय. ठरवण्यामागे तर्कही होता. लोकशाही ग्रीसची, म्हणून थिओफिल हान्सेनने संसदेला ग्रीक कपडे घातले. नगरांचं स्वातंत्र्य मध्ययुगातलं, म्हणून फ्रीडरिश श्मिटने नगरभवनाला गॉथिक चढवलं. विद्येचा पुनर्जन्म रेनेसाँसमध्ये झाला, म्हणून फेर्स्टेलने विद्यापीठाला तो वेश दिला. आपल्या व्हीटीलाही १८८८ साली असाच गॉथिक पोशाख चढला होताच. फक्त तिथे लोकलच्या गर्दीत वर बघायची सोय नसल्याने माझ्या हे कधी लक्षात आलं नाही.

एकदा हे कळल्यावर मला या इमारती एकदम आवडायला लागल्या. विद्वत्तेचं दडपण गेलं. संसदेसमोर अथेनाचा मोठा पुतळा आहे, १९०२ सालचा. ती बुद्धीची देवता, पण उभी आहे संसदेकडे पाठ करून, आणि व्हिएन्नाचे लोक तेव्हापासून जो विनोद करत आलेत तो इथे सांगायची गरज नाही. कुठल्याही देशात तो आपोआप होईल. नगरभवनाची गंमत याहून सरस. जवळच्या फोटिफ चर्चचे मनोरे नव्व्याण्णव मीटरचे. राजाच्या जिवावरचा हल्ला टळला म्हणून बांधलेल्या त्या चर्चपेक्षा उंच जायचं नाही, असा दंडक होता म्हणतात. म्हणून श्मिटने मनोरा अठ्ठ्याण्णव मीटरच्या आसपास थांबवला आणि त्याच्या डोक्यावर निशाण धरलेला एक भलामोठा शिपाई उभा केला. मनोरा नियमात, शिपाई आभाळात!

दादा टोपी काढून त्या शिपायाकडे बघत राहिले. ‘किती बांधता येईल त्या एफएसआयमध्ये मूर्ती धरत नाहीत,’ ते हळूच म्हणाले. सबंध युरोप दौऱ्यात त्यांनी मनापासून वंदन केलेली ती एकमेव मूर्ती.

समोरचं बुर्गथिएटर १८८८ ला उघडलं. बाहेरून देखणं, आत मात्र बऱ्याच जागांवरून रंगमंच दिसेना आणि आवाजही धड पोचेना. नऊ वर्षांत प्रेक्षागृह नव्याने करावं लागलं. तेव्हा गावात म्हणत: संसदेत काही ऐकू येत नाही, नगरभवनात काही दिसत नाही आणि बुर्गथिएटरात दिसतही नाही नि ऐकूही येत नाही. मला एवढंच दिसत होतं की नगरभवनाच्या बागेत बाकं आहेत. बाक ही युरोपने जगाला दिलेली सर्वश्रेष्ठ वास्तू आहे, असं मी गाइडला सांगितलं. ती हसली, आणि छत्री वर करून चालायला लागली.

मिशाएलरप्लाट्झ या चौकात पोचलो तेव्हा माझं डावं पाऊल माझ्याशी बोलत नव्हतं. चौकात घोडागाड्यांची ये-जा. त्या घोड्यांकडे मी ज्या नजरेने पाहिलं ती बायकोने ओळखली आणि ‘त्यांचा रेट विचारायचासुद्धा नाही’ असा दम भरला. एका बाजूला राजवाड्याचं हिरव्या घुमटाचं प्रवेशद्वार, पुतळ्यांनी मढवलेलं. आणि त्याच्या बरोब्बर समोर आडोल्फ लोस याने बांधलेली इमारत: खाली हिरवट संगमरवर, वर सपाट पांढरी भिंत आणि खिडक्या. खिडक्यांवर एक नक्षी नाही, वेल नाही, बाई नाही. १९१० ला हे रूप उघडं पडल्यावर गावात एवढा दंगा झाला की पालिकेने काम थांबवलं. ‘भुवया नसलेलं घर’ असं त्याचं नाव पडलं. शेवटी खिडक्यांना फुलांच्या कुंड्या लावायच्या या अटीवर तडजोड झाली. सम्राटाने तर त्या बाजूचे राजवाड्यातले पडदेच ओढून घेतले, अशी दंतकथा आहे.

मी राजवाड्याच्या बाजूने होतो. निदान शेजाऱ्यांचा तरी मान ठेवायचा, एवढा जुना राजवाडा समोर आहे. तेव्हा गाइडने हळूच सांगितलं की राजवाड्याचा हा दर्शनी भाग १८८९ ते १८९३ मध्ये पुरा झाला. आराखडा अठराव्या शतकातला; मधली दीडेकशे वर्षं तो कागदावरच होता. म्हणजे दोन इमारतींत अंतर जेमतेम वीस वर्षांचं! एकीने आजोबांचा अंगरखा घातला म्हणून ती राजघराण्यातली, दुसरी घरच्या कपड्यांत आली म्हणून तिच्यावर गाव चालून गेलं. मला त्या भुवया नसलेल्या घराचा फार पुळका आला. थोडा वेळ तरी. त्याच्या संगमरवराचा गारवा पाठीला लागत होता, हेही एक कारण असेल.

ग्राबेन नावाच्या रस्त्यावरचा प्लेगचा स्तंभ मी पाहिला. ढगच ढग आहेत.

शेवट सेंट स्टीफन्स कॅथीड्रलपाशी. हे तरी खरं जुनं! दक्षिणेचा मनोरा १३६ मीटर, छपरावर दोन लाखांहून जास्त रंगीत कौलं. दादांनी अपेक्षित प्रश्न केला: ‘गळतं का?’ गाइड म्हणाली, छप्पर इतकं उभं आहे की पावसाने ते आपलं आपण धुऊन निघतं. पण १९४५ च्या आगीत मूळचं लाकडी छप्पर जळालं. हे नंतरचं, आतून पोलादी. एका बाजूच्या कौलांत १९५० हे साल चक्क लिहिलेलं आहे. दादा म्हणाले, ‘पोलादी आहे ना? मग ठीक.’

आणि इथे, जिथे मी संपलो होतो, तिथे बायको सुरू झाली. मुख्य दरवाजाशेजारी भिंतीत दोन लोखंडी कांबी ठोकल्या आहेत. एक जवळजवळ नव्वद सेंटिमीटर, दुसरी अठ्ठ्याहत्तरच्या आसपास. कापड मोजायची ही जुनी अधिकृत मापं. शंका आली की गिऱ्हाईकाने कापड आणून इथे लावून बघायचं. मापात लबाडी करणाऱ्या पाववाल्यांना तर पिंजऱ्यात घालून डॅन्यूबच्या पाण्यात बुचकळत. एवढ्या सगळ्या वाटेत ज्या बाईने एकाही खांबाचा फोटो काढला नव्हता, तिने पर्समधून आदल्या दिवशी एका दुकानात घेतलेला स्टोल काढला. दुकानदाराने ‘एक मीटर ऐंशी’ सांगितलं होतं. म्हणजे मोठ्या कांबीने जवळजवळ दोनदा.

स्टोल भिंतीला लागला. एकदा. दुसऱ्यांदा लावताना दादांनी टोक धरलं, अमेरिकन बाईने मधला भाग ताणून धरला. चांगली वीतभर कमी भरली.

गाइड इतकी खूश झाली की टाळ्याच वाजवायला लागली. म्हणाली, माझ्या सहलीत ही कांब कुणीतरी वापरताना पहिल्यांदाच पाहतेय. मग तिने ते शेवटचं, दर नसलेलं हसू हसून दाखवलं. दोन तास पाच की दहा करणाऱ्या माझ्या बायकोने पन्नासची नोट काढली आणि सुट्टे न मागता तिच्या हातात ठेवली.

‘आता एवढं सांग,’ ती म्हणाली, ‘ते बुचकळायचं कुठे?’

‘ते केव्हाच बंद झालं. पण डॅन्यूबचा कालवा या बाजूला आहे. चालत दहा मिनिटं.’

‘आणि ते दुकान वाटेतच आहे,’ बायको म्हणाली. ‘चला हो.’

मी दादांकडे पाहिलं. ते कॅथीड्रलच्या पायरीवर बूट काढून बसले होते.