गोळी शिपायानं थुंकली, नोकरी कर्नलची गेली

रात्रीचे साडेअकरा वाजलेत. झोप येत नाहीये, डोकं तापलंय, म्हणून लिहितेय. लांब होणार आहे.

आज ऑफिसच्या मीटिंगमध्ये आमच्या साहेबांनी पंधरा माणसांसमोर एका चोवीस वर्षांच्या पोरीला उभं केलं. जुन्या रिव्हिजनचं ड्रॉइंग साइटवर गेलं आणि चार कॉलमचं स्टील चुकीचं बांधलं गेलं. क्लायंट समोर बसलेला. साहेब म्हणाले, "ही चूक हिची आहे." बस्स. तीन दिवस "आजच्या आज पाठवा" म्हणून मागे लागलेला माणूस हात झटकून मोकळा झाला. पोरगी वहीत बघत राहिली.

आणि मला आमचे आण्णा आठवले. माझे आजोबा. मराठा लाइट इन्फंट्रीच्या चौथ्या पलटणीत होते. मार्च १९४४ मध्ये मणिपूरच्या डोंगरात सांगशाकला जपान्यांनी वेढा घातला तेव्हा आत होते. पाण्याचे हाल झाले तिथे. म्हातारपणीसुद्धा तांब्यात घोटभर पाणी उरलं तरी ओतू द्यायचे नाहीत. पण लढाईचं ते फारसं बोलले नाहीत. आम्हा नातवंडांना सांगायचे ती गोष्ट गोळीची. मलेरियाची पिवळी गोळी, मेपाक्रीन. खाऊन कातडी पिवळी पडायची, आणि पुरुषत्व जातं अशी आवई उठलेली. आण्णा ती जिभेखाली धरायचे आणि मागे जाऊन थुंकायचे. मग तोंड उघडून दाखवायचा हुकूम आला. आम्हाला तापाचं औषध देतानाही ते तसंच करायचे: "आ कर. जीभ वर. अजून वर."

ही सक्ती आली जनरल विल्यम स्लिमच्या काळात. ब्रह्मदेशच्या आघाडीवर जपान्यांशी लढणाऱ्या ब्रिटिशांच्या चौदाव्या आर्मीचा सेनापती. लोखंडी सामानाच्या व्यापाऱ्याचा मुलगा, आधी शाळामास्तर, मग कारकून. पहिल्या महायुद्धात गॅलिपोलीला जखमी झाला आणि पुढे गुरख्यांच्या पलटणीत आला. १९४२ मध्ये ब्रह्मदेशातून सुमारे ९०० मैल माघार घेत फौज बाहेर काढणारा हाच. १९४३ मध्ये त्याच्याकडे एक जखमी मागे पाठवावा लागला तर त्यामागे आजारी १२० असायचे! जपान्यांच्या आधी डासच मारणार होते. मग त्यानं काय केलं? शिपायांना झोडपलं? नाही. अचानक अख्ख्या पलटणीची तपासणी लावायची, आणि १०० पैकी ९५ जणांनी गोळी घेतलेली दिसली नाही तर पलटणीच्या कमांडिंग ऑफिसरला घरी पाठवायचं. तीनच अधिकाऱ्यांना काढावं लागलं. बाकीच्यांना समजायचं ते समजलं.

पुन्हा वाचा. गोळी थुंकली माझ्या आजोबांसारख्या शिपायानं. नोकरी गेली कर्नलची. वरच्या माणसाला पगार नि मान कशाचा मिळतो, हे त्या मास्तराच्या डोक्यात पक्कं होतं.

हो, साम्राज्याचाच सेनापती होता तो. समोर आझाद हिंद सेनेत आपलीच माणसं होती, हेही मला माहीत आहे, कमेंटमध्ये शिकवू नका. त्याच्या फौजेत बहुसंख्य हिंदी शिपाई होते आणि त्यांच्याशी तो उर्दूत नि गुरखालीत बोलायचा. जवान अर्ध्या रेशनवर असले की त्याचं हेडक्वार्टरही अर्ध्या रेशनवर. आमच्या मीटिंगला बिस्किटंसुद्धा दोन प्रकारची येतात.

मे १९४५ मध्ये रंगून घेतलं, आणि त्याच महिन्यात वरच्या साहेबानं, लीझनं, त्याला चौदाव्या आर्मीवरून हलवायचं ठरवलं. सगळं जिंकून झाल्यावर! पुढे झालं उलटंच. लीझच गेला आणि त्याच्या जागी स्लिम आला. युद्धानंतर निवृत्त होऊन रेल्वेत गेला, तर पंतप्रधान अ‍ॅटलींनी परत बोलावून ब्रिटिश लष्कराचा प्रमुख केलं. आधीचा प्रमुख माँटगोमेरी, त्याला दुसराच माणूस हवा होता. हिंदी सैन्यातून त्या खुर्चीवर बसलेला पहिला माणूस हा. मग फील्ड मार्शल, मग १९५३ ते १९६० ऑस्ट्रेलियाचा गव्हर्नर जनरल. तिथल्या काळाबद्दल त्याच्या मृत्यूनंतर फार वाईट आरोप झाले, कॅनबेरातल्या रस्त्याला दिलेलं त्याचं नावही काढलं. ते मी झाकणार नाही.

पण १९५६ साली त्यानं 'डिफीट इंटू व्हिक्टरी' लिहिलं, त्यात स्वतःच्या चुका पानापानांवर मांडल्यात. १९४४ मध्ये इंफाळला फौज मागे कधी घ्यायची हे स्वतः ठरवायचं सोडून खालच्यांवर टाकलं, ही माझी चूक. कोहिमावर जपान्यांची एखादी रेजिमेंट येईल असं धरून चाललो आणि अख्खी डिव्हिजन आली, हीही माझीच. जिंकलेला माणूस हे लिहितोय! विचारणारं कोणी नव्हतं.

इथवर लिहून उठले, पाणी प्यायले, परत बसले.

राग साहेबांवर काढतेय, पण ते ड्रॉइंग पाठवण्याआधी माझ्याकडे आलं होतं. 'चेक्ड बाय'च्या चौकटीत सही माझी आहे. रिव्हिजन नंबर मी पाहिला नाही. आणि मीटिंगमध्ये ती पोरगी वहीत बघत होती तेव्हा मीही माझ्या वहीतच बघत होते. सतरा वर्षं नोकरी झाली माझी. तिला सात महिने.

संध्याकाळी तिला फोन केला. उचलला नाही. मेसेज टाकलाय, "सही माझी होती." दोन निळ्या खुणा दिसतायत, उत्तर नाही.

आण्णा असते तर समोर उभं करून म्हणाले असते, आ कर. जीभ वर.

उद्या साडेदहाला क्लायंट परत येतोय. ड्रॉइंगची प्रिंट काढून पर्समध्ये ठेवलीय, सहीच्या बाजूनं घडी घालून.