भुलाईच्या रांगेला नियम आहेत : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

'भुलाईची रांग' या माझ्या कथामालेच्या सातव्या भागावरची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. तुमचं म्हणणं थोडक्यात असं : या काल्पनिक डोंगरात होकायंत्र उलटं फिरतं, हाकेला भलतंच कुणी ओ देतं, माणसं वाटेल तशी मरतात आणि कशालाच कारण नाही, लेखिकेचं अडलं की जादू धावून येते. शेवटी तुम्ही विचारलंत, "साल्हेर-मुल्हेर दारात असताना खोटे डोंगर कशाला?" तुम्ही या किल्ल्यांच्या बागलाणातले, तेव्हा हा प्रश्न तुम्हाला पडणारच. उत्तर जरा लांबेल, कारण हा डोंगर चार वर्षं माझ्या डोक्यात आहे.

ज्या प्रसंगाला तुम्ही 'शुद्ध थाप' म्हणालात, तिथूनच सुरुवात करते. पाच जण कड्यावर उभे आहेत, खाली दरीत धुकं भरलंय आणि प्रत्येकाला आपल्याच सावलीच्या डोक्याभोवती रंगीत कडं दिसतं, शेजाऱ्याच्या नाही. यातलं मी काहीही रचलेलं नाही. हे इंद्रवज्र. एकोणिसाव्या शतकात कर्नल साइक्स या इंग्रज अधिकाऱ्याने हरिश्चंद्रगडावरच्या अशा गोल इंद्रधनुष्याबद्दल लिहून ठेवलंय, आणि तिथल्या कोकणकड्यावर आजही नशीब असेल तर ते दिसतं. सूर्य पाठीशी, धुकं समोर खाली. धुक्याच्या थेंबांवरून उजेड आला त्याच दिशेने परत फिरतो, म्हणून ज्याचा डोळा त्याचं कडं. मी भर घातली ती फक्त पुढच्या भागात : भुलाईत ते कडं बघणारा स्वतःला निवडलेला समजतो आणि एक पाऊल पुढे टाकतो.

आता होकायंत्र. आपला काळा कातळ म्हणजे सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी थरावर थर साचत गेलेला लाव्हा. तो निवताना त्यातले लोहयुक्त कण त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरून बसतात. दख्खनचा बराचसा लाव्हा बाहेर पडला तेव्हा ते क्षेत्र आजच्या नेमकं उलट होतं. म्हणजे सह्याद्रीत आपण हात टेकतो त्यातल्या पुष्कळ दगडांच्या लेखी उत्तर अजूनही दक्षिणेकडे आहे! ही आठवण इतकी क्षीण असते की खिशातला काटा तिने सहसा हलत नाही. भुलाईत मी ती बळकट केली. तिथे कड्यावर लाव्हाच्या थरांचे जे पट्टे दिसतात, त्यातल्या पहिल्या तीन पट्ट्यांपर्यंत काटा खरं सांगतो, चौथ्यावर फिरतो. पाचव्या भागात म्हातारा वाटाड्या पट्टे मोजत चढतो ते याचसाठी. सातव्या भागात जो मेला त्याने धुक्यात दुसरा पट्टा मोजलाच नव्हता. वाक्य एकच आहे, घाईत वाचलं तर निसटतं. ते मी ठळक करायला हवं होतं.

हाकेचं मात्र विज्ञान नाही, ते माझ्या आजीचं आहे. आजी पेठ तालुक्यातली. रात्री बाहेरून कुणी नाव घेऊन हाक मारली तर पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही, आणि रानात चकवा लागला तर जिथे असू तिथे बसायचं, उजाडेपर्यंत पाऊल उचलायचं नाही, असं ती बजावायची. लहानपणी मला ही भुताची गोष्ट वाटे. पुढे डोंगरात हिंडायला लागल्यावर कळलं, धुक्यात वाट हरवलेल्या माणसाला याहून शहाणा सल्ला कुणी देणार नाही. मार्गशीर्षात डोंगऱ्या देवाच्या उत्सवात आपल्याकडची कोकणा माणसं किती कडक पथ्यं पाळून डोंगराकडे जातात, हे तुम्ही माझ्यापेक्षा जवळून पाहिलं असेल. भुलाईत जादू आहे ती अशी, पथ्याची. पथ्य मोडलं की डोंगर रागावतो असं मी कुठेही लिहिलेलं नाही, कारण त्याला राग नाहीच. माणूस आला-गेल्याची खबरसुद्धा त्याला नसते.

आणि साल्हेर का नाही? दोन वर्षांपूर्वी भर पावसात हरिहर किल्ल्यावर गेले होते. त्या उभ्या पायऱ्यांवरून पाणी घळघळ वाहत होतं, वरून उतरणाऱ्यांच्या बुटांचा चिखल मनगटावर पडत होता. पायऱ्यांच्या कडेला हात अडकवायला खोबण्या कोरल्यात. एका खोबणीत चार बोटं घातली तर ती आत बरोबर बसली. दगड आतून गुळगुळीत झालेला, पाणी तिथे कोमट. किती हातांनी तो तसा केला असेल! त्या क्षणी भीती गेली. कुणीतरी आधी येऊन माझ्या बोटांची सोय करून गेलं होतं. आपल्या सगळ्या डोंगरांत ही सोय आहे. कुठे लेणी, कुठे टाकं, सप्तशृंगीसारखी देवी. साल्हेरवर पाऊल ठेवलं की १६७२ ची मराठे-मुघल लढाई बोलायला लागते. ते मला हवंच असतं, पण या गोष्टीत नको होतं. ज्या डोंगरात अजून एकही खोबणी कोरलेली नाही, तिथे पहिला माणूस कसा वागेल हे मला शोधायचंय. असा डोंगर नाशिक जिल्ह्यात उरलेला नाही, म्हणून रचावा लागला.

एका मुद्द्यावर मात्र तुमचं शंभर टक्के बरोबर आहे. सहाव्या भागात यमी कड्यावरून घसरते आणि खालून येणारा वारा तिला उचलून माचीवर ठेवतो. कोकणकड्यावरचा वारा खाली टाकलेली टोपी परत आणून देतो, माणूस नाही. भुलाईच्या कुठल्याच नियमात ते बसत नाही. मला यमी जगायला हवी होती, म्हणून मी डोंगराला वाकवलं. तुम्ही नेमकं तेच पकडलंत, त्याबद्दल मनापासून आभार.

तो भाग मी नव्याने लिहायला घेतलाय. यमी आता करवंदीच्या जाळीत अडकते, तिचा डावा पाय मोडतो, आणि चौथ्या पट्ट्यावर, जिथे काटा खोटं बोलतो, तिला उजाडेपर्यंत एका जागी बसून काढायचंय. रात्रभर तिला हाका येणार. त्यासाठी तुमची मदत हवी आहे : तुमच्या भागात चकवा लागलेल्याने बसल्या जागी काय करायचं असतं? आमच्या आजीकडे चप्पल उलटी करून ठेवायचे. बागलाणात काही वेगळं असेल तर जरूर कळवा.